भंगारवाला जे घेत नाही, त्याचं तुम्ही काय करता?

माळ्यावरची_मनू
सोमवार, रात्री ११.१०

रविवारी माळा आवरायला काढला. चाळ जाऊन टॉवर झाला तरी बाथरूमवरच्या लॉफ्टला आमच्याकडे माळाच म्हणतात. त्यातून निघालं काय तर एक मिक्सर, एक इस्त्री, कुठल्याच फोनला न लागणारे सात चार्जर, टीव्हीच्या खोक्यातलं थर्माकोल (वॉरंटीत परत द्यायचा झाला तर लागेल म्हणून जपलेलं, टीव्ही येऊन सहा वर्षं झाली), आणि बाहेरून जेवण मागवलं की येतात ते काळे डबे. मोजले. ६४. सगळे धुऊन, पुसून, एकात एक घालून, झाकणं वेगळी रबरबँड लावून. हे आईचं काम.

भंगारवाल्याला वर बोलावलं. तो दारातच फतकल मारून बसला आणि मला त्या माणसाचं खरंच कौतुक वाटलं, मिक्सर हातात घेऊन नुसता तोलला, खालची प्लेट उघडली, मोटरची तार दिसली ती मला तांब्याचीच वाटली, छान लालसर, तर ह्यानं ब्लेडच्या टोकानं जरासं खरवडलं आणि आत चकचकीत पांढरं. "अ‍ॅल्युमिनियम है मॅडम, ऊपर कलर है." झालं, भाव सत्तरवर आला. तांबं असतं तर दोनशेच्या वर गेले असते म्हणे.

रद्दी घेतली, पुठ्ठा घेतला, इस्त्री घेतली, चार्जर वायरीसाठी घेतले. काळे डबे पायानंच बाजूला सारले. थर्माकोलला हात लावला नाही. टूथपेस्टच्या ट्यूब, चिप्सची पाकिटं, ऑनलाइन वस्तू येतात ती फुगे असलेली पाकिटं, सगळ्याला एकच उत्तर, "ये कोई नहीं लेता."

मग मी ते सगळं सुक्या कचऱ्याच्या डब्यात टाकलं आणि रात्री झोप येईना. कारण इतकी वर्षं मी समजत होते की सुका कचरा वेगळा दिला म्हणजे तो कुठेतरी जाऊन परत काहीतरी बनतो. पण ज्याचं पोट भंगारावर आहे तोच ते फुकट नेत नसेल तर पुढे कोण नेणार आहे?

(मिक्सर फक्त चार वर्षांचा होता. दुरुस्तीवाला नऊशे म्हणाला आणि नवीन अठराशेला. तुम्ही काय केलं असतंत?)

---

डोंबिवली_फास्ट_नाही_स्लो
सोमवार, रात्री ११.३२

६४ डबे म्हणजे ६४ वेळा बिर्याणी. आधी तब्येत सांभाळ.

बाकी धागा मस्त. आमच्याकडे पिशव्यांची पिशवी आहे, म्हणजे एका मोठ्या पिशवीत बाकीच्या सगळ्या. प्रत्येक मराठी घरात असते. प्लास्टिक बंदी आली त्या दिवशी बायकोनं ती दाराआड लपवली होती, जसं काही धाड पडणार होती.

---

कुर्ल्याचा_पोऱ्या
मंगळवार, सकाळी ७.४५

मनू, तुझा भंगारवाला बरोबर बोलला. आमचं तीस वर्षं भंगाराचं गोडाऊन आहे, आधी वडील, आता मी आणि भाऊ. जरा लांबण लागेल, चहा घेऊन वाचा.

आमच्या धंद्यात कचरा असा शब्दच नाही. माल आणि फेक, एवढंच. ज्याला पुढे गिऱ्हाईक आहे तो माल. तुझ्या दारातला माणूस माझ्याकडे घालतो, मी जात पाडतो, म्हणजे वेगवेगळं करतो, आणि पुढे धारावीला १३ कंपाउंडला किंवा बाहेर गुजरातकडे पाठवतो. प्रत्येक जण किलोमागे चार पैसे कमावतो तेव्हा ती साखळी चालते. एक कडी जरी म्हणाली परवडत नाही, तर माल तिथेच फेक झाला. वस्तूत काय आहे त्यापेक्षा ती गोळा करायला, धुवायला आणि निवडायला मजुरी किती पडते ह्यावर सगळं ठरतं.

प्लास्टिक ओळखायला आमच्याकडे मशीन नाही. माझ्याकडे एक मावशी आहेत, त्या तुकडा वाकवून आवाजावरून सांगतात. शंका आली तर टोक पेटवायचं आणि वास घ्यायचा. मेणबत्तीसारखा वास आला तर दूध पिशवीच्या जातीतलं. नाकात झोंबलं तर पाइपवालं, पीव्हीसी, ते वेगळं काढावंच लागतं, चुकून दुसऱ्यात गेलं तर पुढचा घाणा वाया. त्यानंतर भरडायचं आणि पाण्याच्या टाकीत टाकायचं. बादलीचं, बाटलीच्या बुचाचं, दूध पिशवीचं प्लास्टिक तरंगतं. पाण्याच्या बाटलीचं आणि पाइपचं बुडतं. म्हणजे एकच बाटली, पण तिचं अंग खाली जातं आणि बूच वर येतं. मग धुणं, वाळवणं, वितळवून शेवया काढणं आणि त्यांचा दाणा पाडणं. तो दाणा परत बादली, मग, खुर्ची, हँगर बनायला जातो. पाण्याच्या बाटलीचा मात्र बहुतेक धागा होतो, तुमच्या उशीतला कापूस म्हणजे बऱ्याचदा बाटलीच असते.

आता चिप्सचं पाकीट घे. आतून चंदेरी दिसतं तो धातूचा अगदी पातळ थर, त्याच्या अलीकडे पलीकडे प्लास्टिकचे थर, सगळे एकमेकांना चिकटवलेले. ते वेगळे काढायला जेवढा खर्च येईल तेवढ्यात नवीन पाकीट येईल. शाम्पूचा पाऊच, पेस्टची ट्यूब, मसाल्याचं पाकीट, सगळी तीच जात. हे आमच्याकडे फेक. फार तर कोणी गोळा करून सिमेंट कारखान्याच्या भट्टीत जळण म्हणून पाठवतं.

थर्माकोल म्हणजे हवा. टेम्पो भरून नेलं तरी वजन काय भरणार, डिझेल पण सुटत नाही.

तुझे काळे डबे उलटे करून बघ. खाली त्रिकोणात ५ आकडा असेल. तो पीपी, म्हणजे चांगला माल आहे खरं तर. पण काळ्याचा दाणा काळाच होतो, त्यात दुसरा रंग चढत नाही, आणि लोक डबे रश्श्यासकट टाकतात. तू धुतलेत म्हणून सांगतो, साठवून एकदम दे, कोणीतरी घेईल. पण ६४ डब्यांचं वजन दोन किलो पण भरणार नाही बघ.

---

जुने_दादरकर
मंगळवार, सकाळी १०.०५

कुर्ल्याचा पोऱ्या यांचा प्रतिसाद वाचून डोळे उघडले. धन्यवाद.

आमच्या लहानपणी आरेचं दूध काचेच्या बाटलीतून येई. पहाटे केंद्रावर रांग, हातात तारेची जाळी, रिकामी बाटली दिल्याशिवाय भरलेली मिळायची नाही. वर पातळ पत्र्याचं टोपण असे, ते आई धुऊन डब्यात साठवी आणि वर्षाकाठी भांडीवालीला देई. जुन्या साड्या बोहारणीकडे जात, त्यातून पातेलं येई. तिच्याशी होणारी घासाघीस हा दुपारचा एक कार्यक्रमच होता, पाच साड्यांवर एक पातेलं की सहा. जी साडी तिनंही नाकारली तिची गोधडी, गोधडी विरली की पायपुसणं. कल्हईवाला जिन्याखाली भाता लावून बसायचा, नवसागराचा तो वास अजून आठवतो.

तेव्हा दिवसाचा कचरा म्हणजे भाजीची देठं, चहाचा चोथा आणि केर. बस.

---

फटकळ_सुमी
मंगळवार, दुपारी १.२०

काका, मान्य, पण जरा थांबा. बाटल्या कोण धुवायचं? गोधडी कोण शिवायचं? रांगेत पहाटे कोण उभं राहायचं? तुमच्या ह्या काटकसरीला तुमच्या आईच्या आणि माझ्या आजीच्या हाताची मजुरी लागलेली आहे आणि ती कुणी किलोवर मोजली नाही. माझी आजी जुन्या चादरी फाडून घड्या घालून वापरायची दर महिन्याला, आणि त्या उन्हात वाळत घालायची पण चोरी. ती म्हणाली असती मला पॅकेटवालं पॅड दे बाई.

मी दोन नोकऱ्या सांभाळते, सकाळी ७.१२ ची लोकल, रात्री परत येऊन काळा डबा उघडते त्यात मला काडीची लाज वाटत नाही.

आणि हो, त्या वापरलेल्या पॅडचं करायचं काय हा प्रश्न आहेच. वर्तमानपत्रात गुंडाळून लाल खूण करून वेगळं देते, कारण ते हातानं उघडणारी पण एक बाईच असते. पण खालचा माणूस माझ्या डोळ्यादेखत ते सगळं एकाच पिंपात ओततो.

---

गोवंडी_लोकल
मंगळवार, दुपारी ३.०२

सगळ्यांचं वाचतोय. आमच्या गच्चीवरून देवनारचा डोंगर दिसतो, आमच्याकडे त्याला डोंगरच म्हणतात, आमच्या पोरांना वाटायचं मुंबईत हा एकच डोंगर.

१९२७ पासून तिथे कचरा पडतोय. जानेवारी २०१६ ला आग लागली तेव्हा धूर उपग्रहाच्या फोटोत दिसला आणि मग तो पश्चिमेकडच्या लोकांच्या बाल्कनीत पोचला म्हणून बातमी झाली. आमच्याकडे आग दर उन्हाळ्यात लागते. कचरा आत कुजतो, गॅस तयार होतो, वरून ऊन, पेटायला काय लागतं. त्या वेळी शाळा बंद ठेवल्या होत्या, माझी मुलगी तेव्हा दुसरीत, दोन दिवस ओला रुमाल बांधून घरात बसवली. खोकला मात्र पुढे दीड महिना.

डोंगरावर जाणाऱ्यांत माझी मावशी होती. लोखंडी आकडा घेऊन जायची, गाडी खाली झाली की आधी पत्रा आणि तांबं शोधायचं, मग बाटल्या. तिनं एकदा सांगितलं होतं की गाडीच्या कचऱ्यावरून कुठल्या एरियाची आहे ते ओळखू येतं, चांगल्या एरियाच्या गाडीत खाण्याच्या वस्तू सील न तोडलेल्या सापडतात.

आता बहुतेक गाड्या कांजूरच्या डंपिंगला जातात, मुलुंडचं डंपिंग २०१८ ला बंद केलं, देवनारला थोड्याच येतात. जुना कचरा उपसायचं पण काम काढलंय. उपसतील तेव्हा उपसतील. पण मनू, तुझं ते चिप्सचं पाकीट गेलं कुठे असं विचारतेस ना, तर ते आमच्या गच्चीवर येतं उडून. मस्करी नाही करत, मे महिन्यात वारं सुटलं की येतं.

---

डोंबिवली_फास्ट_नाही_स्लो
मंगळवार, दुपारी ३.४०

आता जोक सुचत नाही.

---

सेक्रेटरी_नको_रे_बाबा
मंगळवार, रात्री ९.१५

आमच्या सोसायटीची रामकहाणी ऐका. नावं गावं नाही लिहीत, उद्या कोणीतरी एजीएममध्ये वाचून दाखवेल.

२०१७ मध्ये महापालिकेनं मोठ्या सोसायट्यांना सांगितलं, दिवसाला १०० किलोच्या वर कचरा असेल नाहीतर जागा २० हजार चौरस मीटरहून मोठी असेल तर ओला कचरा तुमचा तुम्हीच जिरवा, २ ऑक्टोबरपासून आम्ही उचलणार नाही. कमिटीत मी नवा, उत्साहात. एक मशीन घेतलं, विकणारा म्हणाला २४ तासांत खत. सहा लाख रुपये. दुसऱ्या दिवशी जे बाहेर आलं ते खत नव्हतं, ते वाळवलेलं अन्न होतं, तापवून आणि दळून. कुंड्यांत घातलं, चार दिवसांनी पाणी लागल्यावर परत सडलं, चिलटं झाली, तळमजल्यावरच्या जोशीकाकूंनी (नाव बदललंय) माझ्याशी बोलणं टाकलं ते आजतागायत. शिवाय लाइटबिल. मशीन आता मीटर रूमच्या बाजूला झाकून ठेवलंय आणि त्यावर माळी त्याचा डबा ठेवतो.

मग त्याच माळ्यानं सांगितलं साहेब दोन खड्डे करा. विटांचे, जाळीचे, मध्ये हवा खेळती पाहिजे. खाली नारळाच्या शेंड्या, त्यावर ओला, त्यावर तेवढाच वाळका पाला, अधूनमधून आंबट ताक शिंपडायचं, आठवड्याला हलवायचं. वास येतो म्हणजे पाणी जास्त आणि पाला कमी, एवढंच शास्त्र. एक भरला की दुसरा, पहिल्याचं दीड-दोन महिन्यांत खत. गंमत म्हणजे सगळ्यात जास्त त्रास शहाळ्यांचा, ती फोडून घातल्याशिवाय वर्ष झालं तरी जिरत नाहीत.

आणि मुंबईचा कचरा म्हणजे मुळात निम्म्याहून जास्त हाच, ओला. तो निघाला की सुका सुकाच राहतो, कुर्ल्याचे भाऊ म्हणतात तसा माल राहतो. सुमीताई, तुमच्याकडे पिंपात एकत्र ओततात ना, तिथेच सगळा खेळ संपतो. रश्श्यात भिजलेला पुठ्ठा कोण घेणार. आमच्याकडे मी तीन महिने सकाळी साडेसातला वॉचमनच्या बाजूला खुर्ची टाकून बसलो तेव्हा कुठे थांबलं.

---

यंत्रवेडा
मंगळवार, रात्री १०.५०

सगळे कचऱ्याच्या शेपटाला धरून बसलेत, डोकं तर कारखान्यात आहे. मनूचा मिक्सर चार वर्षांत का गेला हे कोणी विचारलंच नाही.

१९२४ मध्ये मोठमोठ्या बल्ब कंपन्यांनी एकत्र येऊन ठरवलं होतं की बल्ब १००० तासांहून जास्त टिकू द्यायचा नाही, जास्त टिकला तर कंपनीला दंड. फोबस कार्टेल म्हणतात त्याला. हे शंभर वर्षांपूर्वी. आणि २०२० मध्ये फ्रान्सनं अ‍ॅपलला अडीच कोटी युरो दंड लावला, कारण बॅटरी जुनी झालेल्या आयफोनचा वेग अपडेटमधून कमी होतो हे गिऱ्हाइकाला सांगितलं नव्हतं. लोकांना वाटलं फोन म्हातारा झाला, चला नवीन घेऊ.

जगात २०२२ या एका वर्षात ६.२ कोटी टन ई-कचरा झाला. त्यातला नीट गोळा होऊन रिसायकल झाल्याची नोंद आहे फक्त २२ टक्क्यांची. उरलेला तुमच्या माळ्यावर आणि कुणाच्या तरी गल्लीत.

पूर्वी लॅमिंग्टन रोडला गेलं की पार्ट मिळायचा. आता बॅटरी डिंकानं चिकटवतात, स्क्रू असा की पाना बाजारात नाही, आणि दुरुस्तीवाला म्हणतो अख्खी प्लेट बदला.

---

फटकळ_सुमी
मंगळवार, रात्री ११.०४

बल्बचं अर्धंच सांगितलंत. तार जास्त टिकवायची तर ती कमी तापवावी लागते, मग उजेड पिवळा आणि लाइटबिल तेवढंच. कंपन्या चोर होत्याच, पण त्यात थोडं इंजिनिअरिंग पण होतं. फिजिक्स शिकवते, राहवत नाही.

---

यंत्रवेडा
मंगळवार, रात्री ११.०९

मान्य. पण दंड लावत होते हे पण मान्य करा.

---

फटकळ_सुमी
मंगळवार, रात्री ११.१०

केलं.

---

कुर्ल्याचा_पोऱ्या
बुधवार, सकाळी ८.००

यंत्रवेडा बरोबर आहे, आम्ही ते हातानं बघतो. जुन्या मिक्सरमध्ये तांबं निघायचं, खाली बीडाचं बूड. आताच्यात वरवर रंग. आमच्या गोडाऊनमध्ये वस्तू लवकर यायला लागल्यात, आणि येतात तेव्हा आत काही नसतं. लोकांना वाटतं भंगारवाल्याची चांदी. उलट आहे, ढीग वाढला आणि माल कमी झाला.

दुसरं, बंदीचं. २३ जून २०१८ ला महाराष्ट्रात पिशव्या, थर्माकोलच्या प्लेटा, चमचे बंद झाले, पहिल्यांदा सापडलात तर ५००० दंड. पहिला महिना भाजीवाले घाबरून होते. त्याच नियमात अजून एक गोष्ट होती ती लोक विसरले, दुधाच्या पिशवीमागे ५० पैसे आणि पाण्याच्या बाटलीमागे एक-दोन रुपये, रिकामी परत दिली की दुकानदारानं द्यायचे. तुमच्यापैकी कोणाला एकदा तरी मिळाले? मला नाही. ते नीट झालं असतं ना तर रस्त्यावर एक बाटली दिसली नसती, वस्तूला पैसा लागला की मुंबईत ती जमिनीवर टिकत नाही. बिअरची बाटली कधी गटारात बघितली का? तिला भाव आहे.

आणि एक हात जोडून विनंती. दूध पिशवीचा कोपरा पूर्ण कापून वेगळा करू नका. कट मारा पण तुकडा लटकू दे. पिशवी आमच्याकडे येते, तो नखाएवढा तुकडा येत नाही, तो मोरीतून नाल्यात जातो. २६ जुलै आठवत असेल तर सांगायला नको.

---

जुने_दादरकर
बुधवार, सकाळी ९.३०

२६ जुलै २००५ ला मी मिलन सबवेच्या अलीकडे रात्रभर बसमध्ये होतो. एका दिवसात सांताक्रूझला ९४४ मिलिमीटर पाऊस, त्यापुढे कुठलीही गटारं टिकली नसती. पण पाणी ओसरल्यावर कुंपणांच्या जाळ्यांना डोक्याएवढ्या उंचीवर पिशव्या लोंबत होत्या ते चित्र मी विसरलेलो नाही.

सुमी, तुमचं काल दिवसभर डोक्यात होतं. बाटली धुणारी माझी आईच होती. मला फक्त तारेची जाळी आठवली.

---

गोवंडी_लोकल
बुधवार, दुपारी १२.१५

कंपन्यांनी जेवढं प्लास्टिक विकलं तेवढं गोळा करायचं असा कायदा आहे. ते काय करतात, सर्टिफिकेट विकत घेतात. २०२३ मध्ये केंद्राच्या प्रदूषण मंडळाला लाखोंनी बोगस सर्टिफिकेटं सापडली. म्हणजे कागदावर पाकीट रिसायकल झालं आणि प्रत्यक्षात आमच्या गच्चीवर. कागदाची तरी रद्दी होते.

---

माळ्यावरची_मनू
शनिवार, सकाळी ११.४०

दोन दिवस ऑफिसमुळे फिरकले नाही, सगळं आता वाचून काढलं.

अपडेट देते. काळे डबे उलटे करून बघितले, ५ आहे. स्वयंपाकघरातल्या काट्यावर वजन केलं, एक किलो चारशे ग्रॅम. पोऱ्या, तू म्हणालास तेच. थर्माकोलचं कुणाकडेच उत्तर नाही असं दिसतंय. मिक्सर तर गेला, पण परवा मावसभावाचा मिक्सर असाच अडला होता तो दादरला एका खोपटात दाखवला, तिथल्या म्हाताऱ्या माणसानं जारच्या बुडाचा रबरी कपलर झिजलाय म्हणून बदलून दिला, साठ रुपये घेतले. आमच्या मिक्सरचं पण तेवढंच असेल का, हा विचार मी करणार नाहीये असं ठरवलंय.

आणि डबे द्यायला बाहेर काढले तर आई आडवी आली. दिवाळीला फराळ वाटायचाय, त्यात चाळीस तरी लागतील. म्हटलं आई, म्हणजे ते चाळीस घरांच्या माळ्यावर जातील. तर म्हणते, म्हणूनच तर ह्यातून देते, स्टीलच्या डब्यातून दिलं की लोकांना रिकामा परत द्यायला लाज वाटते, त्यात काहीतरी घालून पाठवावं लागतं, हल्ली कुणाला वेळ आहे.

---

डोंबिवली_फास्ट_नाही_स्लो
शनिवार, दुपारी १२.०२

मला स्टीलच्याच डब्यातून पाठव. डबा परत येईल, चकल्यांसकट. फक्त आईंना सांग झाकणावर नाव घालून द्या, आमच्याकडे आधीच तीन डबे आहेत ते कोणाचे कोणालाच माहीत नाही.

---

कुर्ल्याचा_पोऱ्या
शनिवार, दुपारी १२.३०

स्टीलला भाव चांगला आहे. नाव नसलेले तीन माझ्याकडे घाला.